गालगुंडाची लस तुमच्या मुलाला मिळाली आहे का? कार्ड एकदा नीट बघा

लसीकरणाच्या सरकारी कार्डावर नवव्या महिन्यानंतर जी लस येते तिच्यापुढे एमआर लिहिलेलं असतं. म्हणजे गोवर आणि रुबेला, बस्स. गालगुंड त्यात नाही. मी ज्या ज्या आईबाबांशी यावर बोलते त्यातल्या निम्म्यांना वाटत असतं की तिन्हीची लस झाली, कारण 2018 च्या शेवटी आपल्याकडे शाळाशाळांमधून गोवर-रुबेलाची मोठी मोहीम झाली होती, तेव्हा सगळ्या मुलांनी दंडावर सुई घेतली आणि घरी येऊन सांगितलं की झालं इंजेक्शन. पण त्यातही गालगुंड नव्हतं. त्यासाठी एमएमआर, म्हणजे गोवर, गालगुंड आणि रुबेला या तिन्हींची एकत्र लस लागते आणि ती आपल्याकडे बहुतेक करून खाजगी बालरोगतज्ज्ञांकडे पैसे देऊनच घ्यावी लागते.

आता कोणी म्हणेल गालगुंड म्हणजे काय, गाल सुजतात, आठवडाभर शाळा बुडते, लेप लावला की जातं. खरंय, बहुतेक मुलांचं तसंच होतं. कानाच्या पुढे आणि खाली जी लाळेची मोठी ग्रंथी असते तिला सूज येते, कानाची पाळी वर आणि बाहेर ढकलली जाते, आणि पोराला लिंबू किंवा चिंच दिली की ते कळवळतं कारण आंबट खाल्लं की लाळ सुटते आणि सुजलेल्या ग्रंथीवर ताण येतो. पण हा व्हायरस फक्त गालातच राहत नाही, रक्तातून फिरतो. वयात आलेल्या मुलांना आणि पुरुषांना, लस झालेली नसेल तर, शंभरातल्या तीसेक जणांपर्यंत अंडकोषाला सूज येऊ शकते. गावाकडे याची फार भीती असते की आता मूल होणार नाही, तर तसं अगदी क्वचित होतं, हे आवर्जून सांगते. मला जास्त काळजी वाटते ती कानाची. क्वचितच, पण गालगुंडाने कायमचा बहिरेपणा येऊ शकतो, आणि तो बरेचदा एकाच कानाला येतो म्हणून घरच्यांच्या लक्षातच येत नाही, मूल दुसऱ्या कानाने ऐकून भागवत राहतं. मेंदूच्या आवरणाला आणि स्वादुपिंडाला पण सूज येऊ शकते.

यावर औषध नाही, म्हणजे व्हायरस मारणारं काही नाही, ताप आणि दुखणं कमी करायचं एवढंच. आणि सूज दिसायच्या एकदोन दिवस आधीपासूनच मूल दुसऱ्यांना आजार देत असतं, त्यामुळे सूज दिसल्यावर वेगळं ठेवलं तरी वर्गात तो पसरून झालेला असतो. सूज आल्यावर पाच दिवस तरी शाळेत पाठवू नये.

लस कशी सापडली तेही ऐकण्यासारखं आहे. मार्च 1963, अमेरिकेतलं फिलाडेल्फिया. मॉरिस हिलमन नावाच्या शास्त्रज्ञाची पाच वर्षांची मुलगी जेरिल लिन रात्री उठून आली, गळा दुखतोय म्हणाली, गाल सुजलेला. त्यांनी तिला झोपवलं, लॅबमध्ये जाऊन सामान आणलं आणि तिच्या घशातला नमुना घेऊन ठेवला. मग तो व्हायरस कोंबडीच्या अंड्यांत आणि नंतर कोंबडीच्या भ्रूणाच्या पेशींत पुन्हा पुन्हा वाढवत नेला. कोंबडीच्या पेशींची सवय होत जाते तसा तो माणसाच्या शरीरात वाढायला कमजोर पडत जातो, पण आपली प्रतिकारशक्ती त्याला ओळखून लक्षात ठेवण्याइतका तो जिवंत असतो. सगळी युक्ती यातच आहे. 1967 मध्ये ती लस आली, 1971 मध्ये तिन्ही एकत्र करून एमएमआर झाली. चाचण्यांमध्ये ज्या मुलांना ती टोचली त्यात जेरिलची धाकटी बहीण पण होती. व्हायरसचा तो वाण आजही जेरिल लिनच्या नावानेच ओळखला जातो. आपल्या पुण्यात सीरम इन्स्टिट्यूट एमएमआर बनवते त्यात गालगुंडाचा वाण वेगळा आहे, लेनिनग्राड-झाग्रेब नावाचा, पण तत्त्व तेच.

म्हणजे लस आपल्या पुण्यात बनते आणि आपल्याच जिल्ह्यातल्या गरीब मुलाला सरकारी केंद्रात मिळत नाही. मला हे पटत नाही. सरकारचं म्हणणं समजतं की गोवर मुलांचे जीव घेतो म्हणून पैसा आधी तिकडे, आणि ते चूक नाहीच. 2022 मध्ये गोवंडीत गोवराने मुलं गेली, तेव्हा नऊ महिन्यांच्या आतल्या बाळांनाही जादा डोस द्यायची वेळ आली. रुबेलाने गरोदर बाईच्या पोटातल्या बाळाचे डोळे, हृदय, कान जातात, हे 1941 मध्ये सिडनीच्या नॉर्मन ग्रेग या डोळ्यांच्या डॉक्टरने पहिल्यांदा ओळखलं. हे दोन्ही आजार मोठे आहेतच. पण 2024 च्या सुरुवातीला केरळमध्ये गालगुंडाचे पेशंट एकदम वाढले, तेव्हा तिथले डॉक्टरही हेच विचारत होते की सरकारी लसीत हा तिसरा भाग का नाही.

एमएमआरने ऑटिझम होतो ही भीती अजूनही व्हॉट्सअ‍ॅपवर फिरते म्हणून सांगते. 1998 मध्ये वेकफिल्ड नावाच्या डॉक्टरने अवघ्या 12 मुलांवरून असा संबंध सुचवणारा पेपर लिहिला होता, 2010 मध्ये तो मागे घेतला गेला आणि त्यांचं डॉक्टरकीचं लायसन्सही गेलं. 2019 मध्ये डेन्मार्कमधल्या साडेसहा लाखांहून जास्त मुलांचा अभ्यास आला, त्यात एमएमआरचा ऑटिझमशी काही संबंध दिसला नाही. लसीनंतर आठवडाभराने थोडा ताप किंवा पुरळ येऊ शकतं, क्वचित गालाला हलकी सूज, ते आपोआप जातं.

एका डोसवर थांबू नका. गालगुंडासाठी एक डोस साधारण 70 ते 80 टक्के काम करतो, दोन झाले की 85 च्या वर. भारतीय बालरोगतज्ज्ञांची संघटना नवव्या महिन्यात, पंधराव्या महिन्यात आणि मग चार ते सहा वर्षांत असे तीन डोस सांगते. सरकारी एमआरचे दोन्ही डोस झाले असतील तरी वरून एमएमआर घेता येते, आधी गोवर-रुबेला झालंय म्हणून काही बिघडत नाही. मूल मोठं झालं असेल, कॉलेजला हॉस्टेलवर जाणार असेल तरी घेता येते, दोन डोसांमध्ये किमान चार आठवडे ठेवायचे. गरोदरपणात मात्र ही लस देत नाहीत, आणि घेतल्यावर महिनाभर दिवस राहू द्यायचे नाहीत, म्हणून लग्न ठरलेल्या मुलींनी आधीच डॉक्टरांना विचारून घ्यावं.