सतरा मीटरच्या अलीकडे

माझा भाचा नववीत आहे. गेल्या रविवारी तो मोजपट्टी घेऊन सोसायटीच्या मागच्या भिंतीसमोर टाळ्या वाजवत उभा होता. भिंतीपासून ११ मीटरवर टाळी वाजवली की पाठोपाठ दुसरी टाळी यायची. मीही ऐकली, अगदी सुटी आणि स्पष्ट. पुस्तक मात्र सांगतं की आवाजाचा ठसा मेंदूत ०.१ सेकंद टिकतो आणि ध्वनी सेकंदाला ३४४ मीटर जातो. म्हणजे जाऊन-येऊन ३४.४ मीटर, म्हणून प्रतिध्वनी ऐकू यायला अडथळा किमान १७.२ मीटरवर हवा. "मामा, भिंत चुकली की पुस्तक?"

गुणाकार-भागाकारात चूक नाही. घोळ त्या ०.१ सेकंदात आहे. ११ मीटरवरून प्रतिध्वनी ६४ मिलिसेकंदांत परत येतो, म्हणजे पुस्तकाच्या हिशेबाने तो मूळ टाळीत विरघळायला हवा होता. पण ०.१ हा काही प्रकाशाच्या वेगासारखा स्थिरांक नव्हे, शाळेपुरता धरलेला ढोबळ आकडा आहे. १८५०च्या दशकात वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियन संस्थेचे प्रमुख जोसेफ हेन्री यांनी हाच उद्योग केला होता. भिंतीसमोर टाळ्या वाजवत अंतर बदलत जायचं आणि प्रतिध्वनी कुठे सुटा होतो ते पाहायचं. त्यांची हद्द साधारण ३० फुटांवर आली, म्हणजे ९ मीटर आणि जेमतेम ५० मिलिसेकंद.

तर मूळ आवाज आणि त्याचा प्रतिध्वनी आपल्याला एकच वाटावेत, असा काळाचा एक चिंचोळा पट्टा आहे. त्याची हद्द आवाजागणिक सरकते. प्रयोगशाळेतल्या अतिशय छोट्या 'टिक्' आवाजाला ती ५ मिलिसेकंदांच्या आसपास असते, बोलण्याला ३० ते ५०, संथ संगीताला त्याहूनही जास्त. टाळी 'टिक्'पेक्षा लांब असते, शिवाय भिंतीवरून परतते ती अशक्त होऊन. त्यामुळे ती मध्येच कुठेतरी बसते.

मला खरी मौज वाटते ती पट्ट्याच्या आत काय होतं याची. तिथे दुसरा आवाज पुसला जात नाही. तो पहिल्यात मिसळून त्याला भरदार करतो, पण 'कुठून आला' हे ठरवण्याचा मान मेंदू पहिल्यालाच देतो. घरात समोरचा माणूस बोलतो तेव्हा त्याचा आवाज भिंती, छत, कपाट अशा सगळीकडून काही मिलिसेकंदांच्या अंतराने आपल्याकडे येत असतो. तरी आपल्याला एकच माणूस ऐकू येतो, तोही स्वतःच्या तोंडानेच बोलताना. १९४९ साली अमेरिकेत वॉलाक, न्यूमन आणि रोझेनझ्वाइग यांनी, आणि त्याच वर्षी जर्मनीत गॉटिंगेनला हेल्मुट हास यांनी याचा नीट अभ्यास मांडला. हास यांना आढळलं की एकच भाषण दोन स्पीकरमधून सोडलं आणि दुसऱ्या स्पीकरचा आवाज १० ते ३० मिलिसेकंद मागाहून आला, तर तो पहिल्याइतका मोठा भासायला १० डेसिबलने, म्हणजे शक्तीच्या हिशेबात दहापट वाढवावा लागतो!

मैदानावरच्या सभेत हे जाणणारा आणि न जाणणारा साउंडवाला लगेच ओळखू येतो. समजा, मंचापासून ६० मीटरवर मधला स्पीकर आहे. तारेतून संदेश तिथे लगेच पोचतो, पण मंचावरचा आवाज हवेतून यायला १७४ मिलिसेकंद घेतो. तसंच सोडून दिलं तर त्या स्पीकरजवळच्यांना 'बंधू-बंधू आणि-आणि भगिनींनो-भगिनींनो' असं दुहेरी भाषण ऐकावं लागतं. जाणकार माणूस मधला स्पीकर १७४ नाही, तर १९० मिलिसेकंदांनी उशिरा लावतो. वरचे १६ मुद्दाम. आता मंचाचा आवाज आधी पोचतो आणि दिशा ठरवतो, जवळचा स्पीकर फक्त जोर पुरवतो. स्पीकर कानाशी असूनही भाषण मंचावरूनच येतंय असं वाटतं.

याहून चमत्कारिक गोष्ट अमेरिकन मानसशास्त्रज्ञ रेचल क्लिफ्टन यांनी १९८७ साली मांडली. डावा स्पीकर 'टिक्' करतो, उजवा काही मिलिसेकंदांनी तेच करतो. ऐकणाऱ्याला फक्त डावीकडचं टिक् ऐकू येतं. मग अचानक क्रम उलटवायचा, उजवा आधी आणि डावा नंतर. आता फक्त उजवीकडून ऐकू यायला हवं ना? तसं होत नाही. काही टिक् दोन्हीकडून सुटे ऐकू येतात आणि मग हळूहळू डावा बुडतो. म्हणजे पट्ट्याची हद्द आवाजावरच नाही, तर नुकतंच काय ऐकलं यावरही ठरते. मेंदू आधी खोलीचा अंदाज बांधतो, अंदाज चुकला की तो मोडतो आणि नव्याने बांधायला घेतो. मांजरांच्या मेंदूत 'इन्फिरिअर कॉलिक्युलस' नावाच्या भागातल्या पेशी मागाहून आलेल्या टिक्-ला दबका प्रतिसाद देतात हे मोजलेलं आहे. पण या बांधणी-मोडणीचं श्रेय एकट्या त्या भागाला देता येत नाही.

आवाज आणि काळ म्हटलं की एक मेसेज हमखास येतो: देवळातल्या घंटेचा नाद बरोबर ७ सेकंद घुमतो आणि ७ चक्रं जागी होतात. नाद किती टिकतो हे धातूवर, आकारावर आणि घंटा कशी टांगली आहे यावर ठरतं. वाजत्या घंटेवर तळहात ठेवला की नाद तिथेच संपतो. अर्ध्यावर जाग्या झालेल्या चक्रांचं मग काय होतं, ते मेसेजमध्ये नसतं.

भाचा तोवर भिंतीकडे सरकत होता. ९ मीटरवर दोन टाळ्या कशाबशा सुट्या होत्या. ७ वर आमचं भांडण झालं, त्याला दोन ऐकू येत होत्या आणि मला एक. ५ वर तो म्हणाला, "मामा, आता टाळी जाड झाली." मग त्याने लांबलचक 'आऽऽ' करून पाहिलं, तर ११ मीटरवरूनही काही वेगळं आलं नाही, कारण त्याचा स्वतःचा 'आऽऽ' संपायच्या आतच भिंतीचा परत आला होता.

परीक्षेत १७.२ मीटरच लिही, असं मी त्याला बजावलंय. वहीत त्याने तेच लिहिलंय. समासात मात्र पेन्सिलीने ७ आहे, आणि पुढे कंसात 'मामाला ९'.