निर्माता फक्त पैसे घालायचा?

‘जुन्या काळी निर्माता फक्त पैसे घालायचा, बाकी सगळा सिनेमा दिग्दर्शकाचा,’ असा मजकूर वर्षानुवर्षं फिरतो आहे. पडद्यामागचं काम दिसत नाही, म्हणून तो पटतोही. पण वस्तुस्थिती वेगळी आहे.

पैसा बऱ्याचदा सावकाराचा किंवा वितरकाचा असे, व्याजाने किंवा वितरणाच्या हक्कांपोटी घेतलेला. निर्माता कथा निवडायचा, माणसं जमवायचा, प्रदर्शन ठरवायचा, आणि सिनेमा पडला तर कर्ज त्याच्याच डोक्यावर. १९३०च्या दशकात कोल्हापूर, पुणे, मुंबईच्या स्टुडिओंत नट-तंत्रज्ञ मासिक पगारावर असत. तो पगार दरमहा द्यावाच लागे. दुसऱ्या महायुद्धात कच्च्या फिल्मवर (चित्रीकरणासाठी लागणाऱ्या कोऱ्या फिल्मवर) सरकारी नियंत्रण आलं, तेव्हा ती मिळवणं हेच मोठं काम झालं. हे कष्ट विसरले जातात, याचं मला फार वाईट वाटतं.

पडताळायचं असेल तर १९५७चा कॉपीराइट कायदा उघडा. कलम २मधल्या व्याख्या वाचा: चित्रपटाचा कर्ता म्हणून तिथे निर्माताच आहे, आणि निर्माता म्हणजे चित्रपटासाठी पुढाकार व जबाबदारी घेणारा. पैशाचा उल्लेखही नाही. शिवाय जुन्या श्रेयनामावल्या पाहा. निर्माता आणि दिग्दर्शक म्हणून एकच नाव अनेकदा दिसेल.