चार लाख अंडी घालूनही कॉन्च संपतो कसा?

माझा मावसभाऊ क्रूझच्या जहाजावर किचनमध्ये आहे. गेल्या सुट्टीत येताना त्याने बहामाजमधल्या नासाऊहून एक भलामोठा शंख आणला, आतून असा गुलाबी की बघत राहावं. शोकेसमध्ये ठेवलाय. मी हातात घेऊन उलटापालटा करून पाहिला तर दोन गोष्टी दिसल्या. शेंड्याजवळ बोटाच्या पेराएवढी एक आडवी चीर होती आणि बाहेर पसरलेल्या गुलाबी ओठाची कड बशीच्या कडेइतकी पातळ होती. पट्टी लावून मोजली, ६ मिलिमीटर भरली. या दोन गोष्टींवरूनच हा लेख लिहायला घेतला.

हा क्वीन कॉन्च, म्हणजे एक समुद्री गोगलगाय. कॅरिबियन बेटं, बहामाज, फ्लोरिडा इथल्या उथळ समुद्रात, समुद्री गवताच्या कुरणांत राहतो. तिथे कॉन्चचं मांस म्हणजे आपल्याकडे तिसऱ्या-कालवं जशी तशी रोजच्या जेवणातली गोष्ट, लिंबू कांदा मिरची घालून कच्चंच सॅलड करतात. बहामाजच्या राजचिन्हावरसुद्धा कॉन्च आहे. ती चीर मच्छीमाराची. हातोडीने तिथे भोक पाडायचं, सुरी आत घालायची, शंखाच्या मधल्या खांबाला धरून बसलेला स्नायू कापायचा की अख्खा प्राणी बाहेर ओढता येतो.

मावशीच्या शेजारच्या काकूंनी पहिला प्रश्न विचारला, दक्षिणावर्ती आहे का? तर नाही, आणि आपला पूजेचा शंखही हा नव्हे. तो टर्बिनेला पायरम, मन्नारच्या आखातात वगैरे मिळणारा, तो वेगळाच प्राणी. त्यात उलट्या वळणाचा शंख फार क्वचित निघतो आणि त्याला दक्षिणावर्ती म्हणून घरात लक्ष्मी येते असं सांगून प्रचंड किमतीला विकतात. ते वळण गर्भ अगदी सुरुवातीच्या काही पेशींचा असतानाच ठरतं, त्याचा कुणाच्या बँक बॅलन्सशी काही संबंध नाही. शिवाय अमेरिकेच्या किनाऱ्यावर लायटनिंग व्हेल्क नावाची एक जात आहे, त्यातले जवळजवळ सगळेच शंख उलट्या वळणाचे असतात, तेच आणून दक्षिणावर्ती म्हणून खपवतात. लोकांनी कष्टाचे पैसे यात घालवू नयेत असं मला मनापासून वाटतं.

आता मुद्द्यावर येतो. फेब्रुवारी २०२४ मध्ये अमेरिकेने क्वीन कॉन्चला धोक्यात आलेल्या प्राण्यांच्या कायद्याखाली 'थ्रेटन्ड' म्हणून नोंदवलं. हे मी भावाला सांगितलं तर तो म्हणाला, काहीतरीच, तिथले लोक सांगतात एक मादी एका वेळी लाखांनी अंडी घालते, मग संपेल कसा? आकडा खोटा नाही. मादी एक लांबच लांब चिकट दोरा सोडते, त्याला वाळूचे कण चिकटतात आणि वाळूच्या गोळ्यासारखं दिसणारं ते पुंजकं तयार होतं, त्यात साधारण ४ लाख अंडी असतात. पाचेक दिवसांत पिल्लं बाहेर पडतात, तीन-चार आठवडे पाण्यात तरंगत वाहतात, मग गवतात खाली बसतात आणि पहिलं वर्षभर बरंचसं वाळूत गाडून घेऊन जगतात. त्यातली बहुतेक कुणाच्या तरी पोटात जातात, पण तरी ४ लाख म्हणजे ४ लाख. अडचण त्याच्या आधीची आहे. कॉन्चमध्ये अंड्यांचं फलन मादीच्या शरीराच्या आत होतं, नर मादीपर्यंत पोचावा लागतो. आणि तो पोचणार कसा, तर आपल्या नखासारख्या कडक झाकणाचा टोकदार भाग वाळूत रोवून, शंख पुढे झोकून देत, एकेक उडी मारत.

अॅलन स्टोनर आणि मेलडी रे-कल्प या दोघांनी बहामाजच्या एक्झुमा बेटांजवळ पाण्याखाली सर्व्हे केले आणि २००० साली त्याचा निकाल छापला. हेक्टरी ५६ पेक्षा कमी प्रौढ कॉन्च असतील तिथे एकही जोडी मीलन करताना दिसली नाही आणि हेक्टरी ४८ च्या खाली अंडी घालणारी मादीच दिसली नाही. कमी दिसली असं नाही हं, दिसलीच नाही. घनता वाढली की प्रमाण झपाट्याने वाढतं आणि हेक्टरी २०० च्या आसपास जाऊन स्थिरावतं.

हे का होतं याचा हिशोब मला फार आवडतो, म्हणून जरा सविस्तर लिहितो, वही घेऊन बसलात तरी चालेल. एक हेक्टर म्हणजे १०,००० चौरस मीटर. त्यात ५६ कॉन्च विखुरलेले, त्यातले निम्मे, म्हणजे २८ नर धरू. कुठल्याही मादीपासून सगळ्यात जवळचा नर सरासरी किती लांब? विखुरलेल्या ठिपक्यांसाठी सोपं सूत्र आहे, एका ठिपक्याच्या वाट्याला येणाऱ्या क्षेत्राचं वर्गमूळ काढा आणि निम्मं करा. १०,००० भागिले २८ म्हणजे ३५७, त्याचं वर्गमूळ जवळजवळ १९, निम्मं साडेनऊ मीटर. हेक्टरी २०० असतील तर हेच अंतर ५ मीटर येतं. तुम्ही म्हणाल साडेनऊ आणि पाचात असा काय मोठा फरक? पण एकूण भेटी मोजायला लागलात की खेळ बदलतो. घनता निम्मी झाली की प्रत्येक मादीला भेटणारे नर निम्मे होतात आणि मुळात माद्याही निम्म्याच उरलेल्या असतात, म्हणजे भेटी निम्म्या नाही तर पाव होतात. भेटी घनतेच्या वर्गाने पडतात. २०० वरून ५६ वर आलं तर कॉन्च जवळजवळ साडेतीन पटीने कमी होतात पण भेटी जवळजवळ तेरा पटीने. मादी नराचं बीज काही काळ साठवून ठेवू शकते, त्यामुळे एक भेट पुरेल असं वाटतं, पण प्रत्यक्ष समुद्रात अंडीही थांबलेली दिसली.

याला अॅली इफेक्ट म्हणतात. वॉर्डर क्लाइड अॅली हा शिकागोचा प्राणिशास्त्रज्ञ, १९३० च्या दशकात त्याने गोल्डफिशवर प्रयोग केले. विषारी चांदीचे कण मिसळलेल्या पाण्यात एकटा मासा लवकर मरायचा आणि घोळक्यातले जास्त तग धरायचे, कारण घोळका मिळून पाण्यातलं विष कमी करतो. गर्दी म्हणजे नेहमी नुकसानच असं नाही हे त्यातून दिसलं. मत्स्यशास्त्राचं नेहमीचं गणित मात्र याच्या उलट चालतं: मासे कमी झाले की उरलेल्यांना खाणं जास्त, जागा जास्त, ते भराभर वाढतात, साठा आपोआप भरून येतो. आलेख काढला तर आडव्या अक्षावर घनता, उभ्या अक्षावर दरडोई वाढ, आणि रेघ डावीकडे सगळ्यात उंच असते. अॅली इफेक्ट असेल तर हीच रेघ डावीकडे वाकून शून्याच्या खाली जाते, म्हणजे ती शून्याला दोन ठिकाणी छेदते, उजवीकडचा छेद स्थिर, तिथून हललात तर परत तिथेच येता, डावीकडचा अस्थिर, त्याच्या जरा डावीकडे सरकलात की घसरण आपोआप चालू राहते, मासेमारी पूर्ण बंद केली तरी. फ्लोरिडात १९८० च्या दशकाच्या मध्यापासून कॉन्च पकडायला बंदी आहे आणि इतक्या वर्षांनीही साठा पूर्वीसारखा झालेला नाही. त्याला आणखीही कारणं आहेत, किनाऱ्यालगतच्या कॉन्चची जननेंद्रियंच नीट वाढत नाहीत, तेच प्राणी खोल बाजूला नेऊन सोडले की वाढतात असं तिथे दिसलंय. पण विरळपणा हे मोठं कारण.

आणि मच्छीमाराला हे होडीतून दिसत नाही, त्यात त्याची चूक नाही. कॉन्च पुंजक्यांनी राहतात, डायव्हरला पुंजके माहीत असतात, एक संपला की तो पुढच्यावर जातो, रोजची टोपली भरलेलीच. शेवटच्या दोन-तीन पुंजक्यांपर्यंत सगळं ठीक वाटतं.

म्हणून नुसता कोटा ठरवून भागत नाही. १०० टन पकडा म्हटलं तर ते १०० टन विरळ भागातून गेले की दाट पुंजक्यातून, यावर सगळं अवलंबून. २०१२ मध्ये तज्ज्ञांनी सुचवलं की सुरक्षित बाजूला राहायचं तर हेक्टरी १०० प्रौढ ही खालची रेघ धरावी, त्यासाठी पाण्यात उतरून मोजणी करावी लागते, पैसे लागतात, ते करावंच. जमैकाने २०१९ मध्ये पेड्रो बँक नावाच्या आपल्या उथळ समुद्री पट्ट्यातली कॉन्चची मासेमारीच काही काळ थांबवली, हे धाडसाचं काम होतं, तिथे निर्यातीचा पैसा मोठा आहे. एक्झुमाच्या संरक्षित समुद्री पार्कमध्ये १९८६ पासून काहीही पकडायला बंदी आहे, दाट पुंजके राखून ठेवायचा हा सगळ्यात साधा उपाय, पण आतला साठा म्हातारा होत चाललाय कारण पिल्लं प्रवाहाबरोबर बाहेरून वाहत यायला हवीत आणि बाहेर अंडी घालणारेच कमी. बेट एकटं स्वतःपुरतं नियोजन करू शकत नाही, शेजाऱ्याकडची तरंगती पिल्लं तुमच्याकडे येतात. १९९२ पासून कॉन्चचा आंतरराष्ट्रीय व्यापार साइट्स (CITES) या वन्यजीव-व्यापारावरच्या आंतरराष्ट्रीय कराराच्या दुसऱ्या परिशिष्टाखाली, म्हणजे नियंत्रणाखाली, आहे तोही याचमुळे महत्त्वाचा.

उरला ओठ. कॉन्च लहानपणी लांबीने वाढतो, साधारण साडेतीन वर्षांचा झाला की लांबी थांबते आणि कड बाहेर पसरते, त्यानंतर फक्त जाडी वाढत जाते. बहामाजचा नियम म्हणजे ओठ नीट पसरलेला असला की पकडायला हरकत नाही. पण तपासणीत असं दिसलं की निम्मे नर प्रौढ व्हायला ओठ २४ मिलिमीटर जाड व्हावा लागतो, माद्यांना २६. म्हणजे पसरलेल्या पातळ ओठाचा कॉन्च बहुतेक वेळा वयात यायचा असतो, आणि कायद्याने मात्र पकडण्याजोगा. नियमात जाडी घालायला हवी, मोजायला साधी पट्टी पुरते.

भावाच्या शोकेसमधला ६ मिलिमीटरचा. त्याला कधी जोडीदार मिळालेला नसणार. मी हे सगळं भावाला सांगितलं तेव्हा तो बराच वेळ तो शंख हातात धरून अंगठ्याने कड चाचपत होता. आता पुढच्या महिन्यात त्याचं जहाज परत नासाऊला लागेल. तिथे पॉटर्स के म्हणून बाजार आहे, पुलाखाली कॉन्चवाल्यांचे स्टॉल आणि मागे रिकाम्या शंखांचे ढीग. स्टीलची सहा इंची पट्टी त्याने बॅगेत टाकलीये, ढिगातले निदान पन्नास ओठ मोजून आकडे पाठवणार आहे.