‘किंग काँग’च्या बेटावरचा टोळीप्रमुख : नोबल जॉन्सन

१९३३ सालच्या ‘किंग काँग’मध्ये बेटावरच्या लोकांचा धिप्पाड टोळीप्रमुख अनेकांना आठवत असेल. त्याच्या आदल्या वर्षी त्याच आरकेओ स्टुडिओच्या ‘द मोस्ट डेंजरस गेम’मध्ये एक दाढीवाला, मुका कोसॅक (रशियन लढवय्या) नोकर होता. त्याच वर्षीच्या ‘द ममी’मध्ये बोरिस कार्लॉफच्या इशाऱ्यावर चालणारा न्यूबियन (ईशान्य आफ्रिकेतला) नोकर होता. हे तिघेही म्हणजे एकच कृष्णवर्णीय अमेरिकन नट, नोबल जॉन्सन. पडद्यावर तो सगळ्यांनी पाहिला, पण त्याचं नाव फार थोड्यांना ठाऊक आहे.

नोबलचा जन्म १८८१ चा, मिझुरी राज्यातला. वाढला मात्र कोलोरॅडो स्प्रिंग्जमध्ये. वडील घोड्यांना शिकवण्याचं काम करत, त्यामुळे मुलगा लहानपणापासून घोड्यावर पक्का. याच गावात लॉन चेनी त्याचा शाळासोबती होता. पुढे रंगभूषेची पेटी उघडून ‘हजार चेहऱ्यांचा माणूस’ म्हणून गाजला तो हाच चेनी. नोबलला पेटीची गरज तशी कमीच पडली. सव्वासहा फुटांच्या आसपास उंची, भरदार छाती आणि उजळ सावळा रंग, एवढ्यावर त्याचं काम भागायचं. कृष्णधवल फिल्मवर हा माणूस नेमका कुठला, हे प्रेक्षकाला सांगता येत नसे. १९१४ च्या सुमारास लुबिन या चित्रपट कंपनीचं पथक कोलोरॅडोत चित्रीकरणाला आलं होतं. मूलनिवासी अमेरिकनाचं काम करणारा नट जखमी झाला आणि त्याची घोड्यावरची भूमिका नोबलकडे आली. इथून सुरुवात झाली.

पुढच्याच वर्षी ‘द बर्थ ऑफ अ नेशन’ प्रदर्शित झाला. कृष्णवर्णीयांना रानटी आणि कू क्लक्स क्लॅन या गोऱ्या वर्चस्ववाद्यांच्या गुप्त संघटनेला तारणहार ठरवणाऱ्या या चित्रपटाने अमेरिकेत निदर्शनांची लाट उठली. नोबलने मात्र १९१६ मध्ये थेट कंपनीच काढली : लिंकन मोशन पिक्चर कंपनी. कृष्णवर्णीयांनी, कृष्णवर्णीय प्रेक्षकांसाठी चालवलेल्या अगदी पहिल्या चित्रसंस्थांपैकी ही एक. अध्यक्ष तो, नायकही तोच. धाकटा भाऊ जॉर्ज ओमाहाच्या टपाल खात्यात नोकरी करता करता वितरण सांभाळायचा.

कंपनीचा पहिला चित्रपट दोन रिळांचा. टस्कीगी या कृष्णवर्णीयांच्या नामवंत शिक्षणसंस्थेत शिकलेला तरुण अभियंता तेलखाणीवर काम मागायला जातो, रंगामुळे त्याला नकार मिळतो. मग तो मालकाच्या मुलीला उधळलेल्या घोडागाडीतून वाचवतो, नोकरी मिळवतो आणि शेवटी वडिलांच्याच जमिनीत तेल शोधून काढतो. कथा बेतलेली वाटते, आहेच. पण शिकलेला, सुटाबुटातला कृष्णवर्णीय नायक पडद्यावर पाहणं त्या प्रेक्षकाला नवीन होतं. ‘अ ट्रूपर ऑफ कंपनी के’मध्ये मेक्सिकोतल्या काररीसालच्या चकमकीत लढलेल्या कृष्णवर्णीय घोडदळाची गोष्ट होती.

अडचण पैशाची होती. लिंकनवर पोट भरत नव्हतं, म्हणून नोबल हॉलिवूडच्या युनिव्हर्सल स्टुडिओमध्येही काम करत राहिला. तिथल्या पैशावर इथली कंपनी तगायची. कृष्णवर्णीय वस्त्यांतल्या थिएटरांत मग मजेशीर पेच उभा राहिला. एकीकडे युनिव्हर्सलचा चित्रपट, शेजारी लिंकनचा, आणि गर्दी लिंकनकडे, कारण तिथे नोबल नायक! जॉर्जच्या सांगण्यानुसार युनिव्हर्सलने नोबलला दोहोंपैकी एक निवडायला लावलं. १९१८ मध्ये त्याने स्वतःच्याच कंपनीचा राजीनामा दिला. लिंकन पुढे क्लॅरेन्स ब्रूक्सला नायक घेऊन काही काळ चालली, आणि १९२० च्या दशकाच्या सुरुवातीला थंडावली.

या निर्णयाला पळपुटेपणा म्हणणं सोपं आहे. मला ते पटत नाही. महिन्याचा खर्च दोन रिळांच्या चित्रपटातून निघत नसतो. पण त्याने काय गमावलं, ते पुढच्या भूमिकांवरून दिसतं. ‘द फोर हॉर्समेन ऑफ द अपोकॅलिप्स’मध्ये चार स्वारांपैकी एक, ‘द थीफ ऑफ बगदाद’मध्ये (१९२४) राजकन्येला मागणी घालायला आलेला भारतीय राजपुत्र, बस्टर कीटनच्या ‘द नॅव्हिगेटर’मध्ये नरभक्षकांचा म्होरक्या, १९३० च्या ‘मोबी डिक’मध्ये देवमाशावर भाला फेकणारा क्वीक्वेग. तातार, अरब, चिनी, शीख, झोंबी, काहीही चालायचं. फक्त टस्कीगीचा अभियंता त्याला पुन्हा कुणी दिला नाही. ‘द मोस्ट डेंजरस गेम’मधला कोसॅक तर खास. गोऱ्या नटांनी तोंडाला काळं फासायची हॉलिवूडमध्ये रीतच होती, इथे मात्र कृष्णवर्णीय नटाला गोरा करून उभा केला होता.

बोलपट आले तसे संवाद वाढले, पण नोबलच्या वाट्याला फारसे आले नाहीत. त्याची पात्रं उभी राहायची, पहारा द्यायची, हुकूम पाळायची. १९४९ मध्ये जॉन फोर्डच्या ‘शी वोर अ यलो रिबन’मध्ये तो रेड शर्ट झाला, म्हणजे पस्तीस वर्षांनी पुन्हा मूलनिवासी अमेरिकन. १९५० नंतर पडद्यावरून तो दिसेनासा झाला आणि १९७८ मध्ये, शहाण्णवाव्या वर्षी, कॅलिफोर्नियात वारला.

जॉर्जने कृष्णवर्णीय चित्रपटांची कात्रणं, पत्रव्यवहार आणि जाहिराती आयुष्यभर जपल्या. तो संग्रह आता लॉस एंजेलिसच्या कॅलिफोर्निया विद्यापीठात आहे आणि लिंकनचा इतिहास मुख्यतः त्यातूनच कळतो. कंपनीच्या चित्रपटांपैकी शिल्लक आहे तो १९२१ च्या ‘बाय राइट ऑफ बर्थ’चा काही मिनिटांचा तुकडा, आणि तो नोबल कंपनीतून बाहेर पडल्यानंतरचा.