याम खाय दाव

याम खाय दाव : भरपूर तेलात कुरकुरीत तळलेली अंडी कापून लिंबू, फिश सॉस, मिरची आणि चिमूटभर गूळ यांच्या झणझणीत रसात कांदा, टोमॅटो व सेलरीच्या पाल्यासह कालवलेला थाई पदार्थ. तो थायलंडमध्ये घरोघरी होतो. गिऱ्हाईक सांगेल ते तिथल्या तिथे करून देणाऱ्या साध्या खाणावळींत मिळतो, तसाच पातळ भाताची पेज आणि तोंडीलावणी विकणाऱ्या दुकानांतही. इंग्रजी पुस्तकांच्या वळणाने त्याला सॅलड म्हणण्याची पद्धत पडली आहे. पण हिरवा पाला मुख्य आणि बाकीचे वरून, ही सॅलडची कल्पना इथे लागू पडत नाही. यात तळलेले अंडेच मुख्य असते आणि पाला त्याच्या सोबतीला येतो. मराठी माणसाला हा प्रकार समजावून सांगायचा तर ‘अंड्याची कोशिंबीर’ हेच नाव जवळचे, मात्र दही, दाण्याचे कूट आणि फोडणी यांतले काहीही नसलेली.

थाई भाषेत ‘खाय’ म्हणजे अंडे आणि ‘दाव’ म्हणजे तारा. पांढऱ्याच्या मधोमध पिवळा बलक चमकतो म्हणून तळलेले अख्खे अंडे ‘खाय दाव’, म्हणजे तारा-अंडे. हा ‘दाव’ अस्सल थाई आहे. सिनेमातल्या ताऱ्याला मात्र तिथे ‘दारा’ म्हणतात, आणि तो शब्द आपल्याच संस्कृत ‘तारा’चा आहे. ‘याम’ म्हणजे कालवणे, एकत्र करणे. बोलीभाषेत चारचौघांनी मिळून एखाद्याला चोपणे यालाही हेच क्रियापद चालते, यावरून कालवण्यात किती जोर अपेक्षित आहे ते कळावे, असा विनोद करता येईल. प्रत्यक्षात याम हलक्या हाताने कालवतात.

थाई जेवणात कच्च्या-पक्क्या, आंबट-तिखट कालवणांचे चार मोठे कुटुंबप्रकार आहेत. उखळीत कुटून केले तर ‘ताम’. कच्च्या पपईचा प्रसिद्ध सोम ताम यातला. खिमा घेऊन त्यावर भाजलेल्या तांदळाची भरड घातली तर ‘लाप’. मासा, कोळंबी किंवा मांस अर्धेकच्चे ठेवून गवती चहा व पुदिन्याबरोबर कालवले तर ‘फ्ला’. आणि उरलेला मोठा, ऐसपैस गट म्हणजे ‘याम’. त्यात मुगाच्या पारदर्शक शेवयांचा याम वुन सेन आहे, चौधारी शेंगांचा याम थुआ फू आहे, मांगुर माशाचा कीस फुलवून तळलेला याम प्ला दुक फू आहे, आणि पाकिटातल्या झटपट नूडल्सचा याम मामा सुद्धा आहे. हा गट जुना आहे. राजा राम द्वितीय (कारकीर्द 1809–1824) याच्या नावावर असलेल्या खाद्यवर्णनपर काव्यात ‘याम याय’ म्हणजे मोठा याम या पदार्थाचे कौतुक आले असून त्याची चव जपानी ‘नाम प्ला’मुळे (नाम प्ला म्हणजे फिश सॉस) खुलते असे म्हटले आहे. दरबारी यामपुढे याम खाय दाव अगदीच गरीब घरचा. अंडी, कांदा, लिंबू, मिरची आणि फिश सॉसची बाटली थाई स्वयंपाकघरात बारमाही असतात, आणि एवढ्यावर तो उभा राहतो.

सगळा पदार्थ अंडे कसे तळले यावर ठरतो. युरोपीय पद्धतीत चांगल्या तळलेल्या अंड्याचा पांढरा भाग मऊ, पांढराशुभ्र असावा आणि कड तपकिरी झाली तर तो दोष समजावा, अशी शिकवण असते. मुंबई-पुण्यातले इराण्याकडचे हाफ फ्रायही त्याच घराण्यातले. थाई खाय दाव याच्या नेमके उलटे. कढईत दीड-दोन सेंटिमीटर उंचीचे तेल चांगले तापवतात, सुमारे 180 ते 190 अंश सेल्सिअस. थर्मामीटर नसेल तर कोरडी लाकडी काडी बुडवून पाहावी. तिच्याभोवती लगेच जोरदार बुडबुडे आले की तेल तयार. अंडे आधी वाटीत फोडून घेतात आणि वाटी तेलाच्या अगदी जवळ नेऊन आत सोडतात. पडताक्षणी पांढरा भाग खवळतो, फुगतो, त्याला मोठाले फोड येतात, आणि घावनाला सुटावी तशी कडेला जाळी सुटते. ही जाळी दहा-पंधरा सेकंदांत सोनेरी होऊ लागते. मग झाऱ्याने वा पळीने कडेचे गरम तेल मधल्या पांढऱ्यावर उडवत राहायचे, म्हणजे अंडे न उलटता वरूनही शिजते. साधारण एक ते दीड मिनिटात काम होते. एका वेळी एकच अंडे. दोन टाकली की तेल थंडावते, अंडी एकमेकांना चिकटतात, आणि जाळीऐवजी रबर मिळते.

हे घडते ते पाण्यामुळे. अंड्याच्या पांढऱ्यात नव्वद टक्क्यांच्या आसपास पाणी असते, उरलेला भाग बहुतांशी प्रथिनांचा. तापलेल्या तेलात पाण्याची तत्काळ वाफ होते आणि वाफ पाण्यापेक्षा सुमारे 1,600 पट जागा मागते. ती बाहेर पडायला धडपडते, पण त्याच वेळी प्रथिने गोठत असल्याने वाफ त्यांच्यात अडकून फुगे तयार होतात. पाणी संपलेल्या पातळ कडा मग 100 अंशांच्या वर तापतात आणि प्रथिने व अंड्यातल्या अल्प साखरेच्या संयोगाने तपकिरी होतात. भाजलेल्या पावाला आणि खरपूस भाकरीला जो वास असतो तोच हा. तेल कोमट असेल तर वाफ हळूहळू निघून जाते, फुगे येत नाहीत, आणि अंडे तेल पिऊन बसते. तेलाला घाबरून ते कमी तापवणारा माणूस शेवटी जास्त तेल खातो. शिळ्या अंड्याचा पांढरा भाग पातळ होऊन जास्त पसरतो, त्यामुळे फारच ताजे अंडे इथे गरजेचे नाही; चार-आठ दिवसांचे उलट जास्त जाळी देते. थायलंडमध्ये कोंबडीप्रमाणेच बदकाचे अंडेही वापरतात. त्याचा बलक मोठा, गडद आणि अधिक स्निग्ध असतो.

बलक किती शिजवावा याबद्दल एकमत नाही. तो साधारण 65 ते 70 अंशांच्या दरम्यान घट्ट होतो, म्हणजे दहावीस सेकंदांचाच फरक. भातावर ठेवलेल्या खाय दावचा बलक वाहता असला तर बहार येते. याममध्ये मात्र अंडे कापून कालवायचे असल्याने वाहता बलक रसात मिसळून तो गढूळ करतो. काहींना तो दाटपणाच हवा असतो. या नोंदीच्या लेखकाचे मत मधले आहे: बलकाची कड घट्ट, मध्य मधासारखा, असे अंडे कापल्यावर फोडींना चिकटूनही राहते आणि रस पाणचट होऊ देत नाही.

रसाला ‘नाम याम’ म्हणतात. त्यात आंबट, खारट आणि तिखट या तीन चवी पुढे असतात. गोड चव केवळ त्यांच्या कडा घासण्यापुरती. खारटपणा येतो तो नाम प्ला म्हणजे फिश सॉसमधून. लहान मांदेलीसारखे समुद्री मासे मिठात 12 ते 18 महिने मुरवून त्यांचे निथळलेले तांबूस पाणी म्हणजे नाम प्ला. बाटली उघडताच येणारा वास नवख्याला मागे ढकलतो, पण ज्यांच्या घरी सुकट-बोंबील भाजले जातात त्यांना तो परका वाटू नये. लिंबू थाई भाषेत ‘मनाव’, आणि ते पातळ सालीचे आपले कागदी लिंबूच आहे. बाजारातले जाड सालीचे पिवळे परदेशी लेमन इथे घेऊ नये, त्याला तो कडवट सुगंध नाही. गोडीसाठी ‘नाम तान पीप’ वापरतात. तो नारळाच्या किंवा ताडाच्या नीरेपासून आटवलेला मऊ गूळ. गोव्यात आणि दक्षिण कोकणात मिळणारा माडाचा गूळ हे त्याचेच भावंड असल्याने, तो ज्याच्या घरी असेल त्याने साखरेच्या वाटेला जाऊ नये.

मिरची ‘फ्रिक खी नू’, शब्दशः उंदराच्या लेंडीची मिरची. आकार तेवढाच, तिखटपणा मात्र स्कोव्हिल मापाने 50,000 ते 1,00,000. आपल्याकडची लवंगी त्याच स्वभावाची. ‘फ्रिक’ या शब्दाची गंमत अशी, की तो मुळात मिऱ्याचा. पोर्तुगीजांनी 1510 मध्ये गोवा आणि 1511 मध्ये मलाक्का घेतले. त्याच वर्षी त्यांचा दूत अयुथ्येला, म्हणजे सयामच्या (आजच्या थायलंडच्या) तेव्हाच्या राजधानीला, पोहोचला. अमेरिकेतली मिरची अशा व्यापारी वाटांनी आशियात आली आणि सयामी लोकांनी मिऱ्याचे नाव तिला देऊन टाकले. मूळ मिऱ्याला मग ‘फ्रिक थाई’, म्हणजे ‘आपले थाई मिरे’, असे वेगळे म्हणावे लागले. मराठीतही ‘मिरी’वरूनच ‘मिरची’ झाली, पण मिरीचे नाव मिरीकडे राहिले. टोमॅटोही असाच अमेरिकेतला. त्याला थाईत ‘माखुआ थेत’ म्हणजे परदेशी वांगे म्हणतात, आणि त्यातला ‘थेत’ हा संस्कृत ‘देश’ आहे. बंगालीतील ‘बिलाती बेगुन’ याच जातीचे नाव.

चार अंड्यांसाठी दोन मोठे चमचे लिंबाचा रस, दीड मोठा चमचा फिश सॉस, एक ते दीड लहान चमचा गूळ, लसणाच्या दोन पाकळ्या आणि सोसतील तितक्या म्हणजे तीन ते सहा मिरच्या हे प्रमाण बेताचे ठरते. मिरची, लसूण आणि मिळाल्यास कोथिंबिरीचे मूळ खलबत्त्यात ओबडधोबड ठेचावे. थाई स्वयंपाकात कोथिंबिरीचे मूळ फेकत नाहीत. आपण ते कापून कचऱ्यात टाकतो हे नुकसानच. ठेच्यात आधी फिश सॉस घालून गूळ विरघळवावा आणि लिंबू शेवटी पिळावे. हा रस उकळायचा नाही, लिंबाचा सुगंध उडतो. चाखून पाहावा तेव्हा तो नुसता खाण्याला जरा जास्तच आंबट-खारट लागला पाहिजे. अंड्याची फिकी, तेलकट चव त्याला पुढे सांभाळून घेते.

भाज्यांत लाल छोटे कांदे उभे पातळ चिरून, टोमॅटोच्या फोडी आणि चिनी सेलरीचा कोवळा पाला-दांडे घेतात. या सेलरीला ‘खुन छाय’ म्हणतात. जाड दांड्याची विलायती सेलरी चालते, पण तिचा पाला घ्यावा, दांडे नव्हेत. दोन्ही नसेल तर दांड्यांसकट कोथिंबीर आणि पातीचा कांदा. छोट्या कांद्याला दक्षिण भारतीय दुकानांतले सांबाराचे कांदे उत्तम. साधा मोठा कांदा घ्यायचा तर उग्रपणा जायला पाच मिनिटे गार पाण्यात ठेवून नीट निथळावा. काही जण उकडलेली कोळंबी किंवा डुकराचा शिजवलेला खिमा घालून पदार्थ भारदस्त करतात. ते चविष्ट लागते, पण मग अंडे मागे पडते.

कालवण्यात घाई आणि क्रम दोन्ही सांभाळायचे. अंडी जाळीवर निथळून चार किंवा सहा तुकडे करावेत. सुरीपेक्षा स्वयंपाकाच्या कात्रीने जाळी कमी मोडते. रसात आधी कांदा-टोमॅटो घालून ढवळावे, अंडी अगदी शेवटी, आणि दोन-तीनदा वरखाली करून ताबडतोब ताटात. पहिल्या घासाला जाळीचा कुरकुर आवाज येतो आणि फोडांच्या खोबणीत साचलेला रस तोंडात फुटतो. पाच मिनिटांनी हीच जाळी भिजलेल्या पापडासारखी होते. म्हणून डब्यात न्यायचा तर रस वेगळ्या बाटलीत भरावा. तेलाची साथ हे फक्त कुरकुरीतपणाचे कारण नाही. मिरचीतले कॅप्सेसिन पाण्यात विरघळत नाही, स्निग्धात विरघळते. त्यामुळे तळलेल्या अंड्याबरोबर तीच मिरची सोसवते, जी नुसत्या काकडीबरोबर डोळ्यांतून पाणी काढील. सोबत वाफाळता बिनमिठाचा भात लागतोच.

कढई लोखंडी किंवा बिडाची हवी. नॉनस्टिक तवा नको. कढई व झारा ओले असले तर तेल अंगावर येते. फिश सॉसच्या एका मोठ्या चमच्यात सुमारे 1,400 मिलिग्रॅम सोडियम असते, त्यामुळे रक्तदाब असणाऱ्यांनी रस बेताने घ्यावा आणि वरून मीठ मुळीच घालू नये.

अंडे खाणाऱ्या पण मासा न खाणाऱ्यांसाठी फिश सॉसऐवजी पातळ सोया सॉस व किंचित मीठ घेऊन हा पदार्थ करता येतो. चवीची खोली थोडी कमी होते, रंग गडद होतो, पण पदार्थ तोच राहतो. थायलंडमध्ये शाकाहार दोन प्रकारचा आहे. चिनी परंपरेतल्या ‘जे’ आहारात अंडे वर्ज्य आणि लसूणसुद्धा. ‘मांग्सविरात’ म्हणजे संस्कृतातली मांसविरती, तिथे अंडे पुष्कळदा चालते. सोया सॉसचा याम खाय दाव या दुसऱ्या पंगतीत बसतो.