धातू (बौद्ध)

बुद्ध व त्यांचे थोर शिष्य यांच्या दहनानंतर उरलेल्या अस्थी, त्यांच्या वापरातील वस्तू आणि त्यांचे स्मरण देणारी प्रतीके यांना बौद्ध परंपरेत ‘धातू’ म्हणतात. संस्कृतात याच अर्थी ‘शरीर’ हा शब्द बहुधा अनेकवचनात येतो. पिप्रह्वा (उत्तर प्रदेश) येथील प्राकृत लेखात तो ‘सलिल’ असा दिसतो. धातू जेथे ठेवले तो धातुगर्भ. सिंहली ‘दागब’ व आपल्याकडे लेण्यांच्या वर्णनांत रूढ झालेला ‘दागोबा’ हे शब्द त्यावरूनच आले.

धातूंचे तीन वर्ग मानतात : शारीरिक (अस्थी, दंत, केस), पारिभोगिक (भिक्षापात्र, चीवर म्हणजे भिक्षूचे वस्त्र, बोधिवृक्ष) व उद्देशिक (मूर्ती व अन्य प्रतीके). हे वर्गीकरण पाली अट्ठकथांच्या (टीकाग्रंथांच्या) काळात स्थिरावलेले दिसते. मूर्तींचा समावेश उत्तरकालीन असावा.

महापरिनिब्बान सुत्तानुसार द्रोण ब्राह्मणाने बुद्धांच्या अस्थींचे आठ वाटे केले. मोजणीचा कुंभ त्याने स्वतःकडे ठेवला व उशिरा आलेल्या पिप्पलीवनाच्या मोरियांना चितेतील निखारे मिळाले. म्हणून स्तूप दहा. अशोकाने त्यांतील सात स्तूप उघडून ८४,००० स्तूपांत धातू वाटल्याची कथा आहे. संख्या सांकेतिक आहे. तथापि कनकमुनी या गौतमपूर्व बुद्धांचा स्तूप वाढवून दुप्पट केल्याचे अशोक निगालीसागर (नेपाळ) येथील स्तंभलेखात स्वतः सांगतो, त्यामुळे कथेच्या मुळाशी काही तथ्य असावे.

निधानाची (धातू पुरून ठेवण्याची) रीत : अस्थींचे तुकडे सहसा राखेसह लहान कुपीत ठेवीत. कुपी एकात एक बसणाऱ्या करंडकांत, करंडक दगडी पेटीत व पेटी स्तूपाच्या अंडात (घुमटाकार भागात), मध्यरेषेवर असे. संगजिरे मऊ व कातण्यास सोपे असल्याने करंडक बहुधा त्याचेच. सोबत सोन्याची फुले, मणी, क्वचित नाणी टाकीत. वैशालीला अ. स. आळतेकर यांच्या उत्खननात (१९५८) मिळालेल्या करंडकात मातीमिश्रित राख, लहान शंख, दोन काचमणी, सोन्याचा पत्रा व आहत (ठसे मारलेले) नाणे होते. नावे लिहिण्याचीही पद्धत दिसते : सांचीच्या तिसऱ्या स्तूपातील करंडकांच्या झाकणांवर आतून शाईने ‘सा’ व ‘म’ ही अक्षरे होती, ती सारिपुत्त व महामोग्गलान यांची.

पिप्रह्वा येथील करंडकलेखाचा वाद जुना आहे. १८९८ मध्ये विल्यम पेपे यांना मोठ्या दगडी पेटीत हे करंडक मिळाले. लेख झाकणाभोवती वर्तुळात कोरलेला असल्याने तो कोठून वाचायचा, हाच पहिला प्रश्न. ‘सकियनं’ (शाक्यांचे) या शब्दातील शेवटची अक्षरे जागा न उरल्याने ओळीच्या वर कोरली आहेत, तेव्हा लेखाचा शेवट तेथे धरणे योग्य. लिपितज्ज्ञ ब्यूलर यांच्या मते हे बुद्धांच्या धातूंचे निधान. पुराभिलेखतज्ज्ञ फ्लीट यांनी ते बुद्धांच्या शाक्य आप्तांच्या अस्थींचे मानले. ‘सलिलनिधने बुधस भगवते’ (भगवान बुद्धांच्या अस्थींचे निधान) हा पदक्रम पाहता पहिला अर्थ सरळ वाटतो. लेखाचा काळ मात्र अक्षरवळणावरून इ.स.पू. तिसऱ्या शतकाच्या आसपास धरतात. म्हणजे तो मूळ वाटणीच्या वेळचा नसावा. १९७१–७३ मध्ये के. एम. श्रीवास्तव यांना त्याखालच्या विटांच्या कप्प्यांत आणखी करंडक सापडले, पण त्यांवर लेख नाही. पेपे यांच्याकडे राहिलेली रत्ने २०२५ मध्ये लिलाव थांबल्यावर भारतात परत आली.

महाराष्ट्रातील महत्त्वाचे निधान सोपाऱ्याचे (आजचे नालासोपारा). १८८२ मध्ये भगवानलाल इंद्रजी यांनी तेथील विटांचा स्तूप उघडला. दगडी पेटीत मधोमध तांब्याचा करंडक व भोवती सात मानुषी (मानवरूपात होऊन गेलेले) बुद्ध व भावी बुद्ध मैत्रेय यांच्या आठ कांस्यमूर्ती होत्या. तांब्याच्या आत चांदीचा, त्यात दगडाचा, मग स्फटिकाचा, शेवटी सोन्याचा करंडक. आणि त्यात मातीच्या भांड्याचे तेरा बारीक तुकडे. ते बुद्धांच्या भिक्षापात्राचे मानले गेले, म्हणजे हे धातू पारिभोगिक ठरतात. सोबतचे गौतमीपुत्र यज्ञ सातकर्णीचे न झिजलेले चांदीचे नाणे दुसऱ्या शतकाकडे बोट दाखवते, मूर्ती मात्र साधारण आठव्या-नवव्या शतकाच्या आहेत. स्तूप नंतर पुन्हा उघडून मूर्ती ठेवल्या, हे अनुमान अधिक ग्राह्य. हे अवशेष मुंबईच्या एशियाटिक सोसायटीकडे आहेत.

निधान मध्यरेषेवर असे, हे खजिना शोधणाऱ्यांनाही ठाऊक होते. त्यामुळे असंख्य स्तूप माथ्यावरून खणून रिकामे झाले. सारनाथचा धर्मराजिका स्तूप १७९४ मध्ये जगतसिंगाच्या माणसांनी विटांसाठी पाडला व करंडकातील अस्थी गंगेत सोडल्या. पेटीचे स्थान, थर व सोबतच्या वस्तू नोंदवल्या नसतील तर अस्थींवरून फारसे कळत नाही : पूर्ण जळालेल्या हाडातील कोलॅजन हे प्रथिन नष्ट होते व ओळख पटवण्याची शक्यता जवळपास संपते.

पूजेत स्तूप उजवीकडे ठेवून प्रदक्षिणा, फुले, दीप व धूप अर्पण करतात. श्रीलंकेत कँडी येथील दंतधातूचा करंडक एसल पेरहेरा या वार्षिक उत्सवाच्या मिरवणुकीत हत्तीवरून निघतो. सांचीच्या नव्या विहारात (१९५२) सारिपुत्त-मोग्गलान यांचे धातू नोव्हेंबरच्या अखेरच्या रविवारी दर्शनासाठी काढतात. दादरच्या चैत्यभूमीवर बाबासाहेब आंबेडकरांच्या अस्थी असून ६ डिसेंबरला तेथे अभिवादनासाठी रांगा लागतात.