तिप्पट भरपाईचा कायदा आला कुठून

न्यू जर्सीत घर घेतलेल्या आपल्या लोकांच्या गप्पांत हे कधीतरी कानावर येतंच, की कॉन्ट्रॅक्टरने किंवा गाडीच्या डीलरने फसवलं तर तिथे तिप्पट भरपाई मिळते, हजाराचं नुकसान झालं तर तीन हजार. ऐकीव वाटतं पण खरंय, तिथल्या कन्झ्युमर फ्रॉड अ‍ॅक्टमधे तसंच लिहिलंय आणि वर वकिलाची फीसुद्धा समोरच्याच्या खिशातून. मला विचाराल तर खरी गंमत तिपटीत नाहीच, त्या फीमधे आहे, फी समोरचा देणार म्हटलं की छोट्या केसलाही वकील मिळतो, आणि ते कळायला जरा मागे जावं लागतं.

जुन्या कॉमन लॉचा (म्हणजे कोर्टांच्या निकालांतून घडत आलेल्या कायद्याचा) हिशोब एकदम रोखठोक, घेणाऱ्याने डोळे उघडे ठेवून घ्यावं, नंतर रडू नये. न्यू ऑर्लिन्सचा तंबाखूचा खटला यात नेहमी निघतो. 1815 साली ब्रिटनशी तह झाल्याची बातमी एका व्यापाऱ्याला गावाआधी कळली आणि त्याने गपचूप 111 पिंपं तंबाखूचा सौदा करून टाकला. विकणाऱ्याने विचारलं होतं की भाव वाढेल अशी काही बातमी आहे का, तर हा गप्प. बातमी फुटली आणि भाव 30 ते 50 टक्के चढले. 1817 ला अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टाने केस ज्युरीकडे परत पाठवली खरी, पण माहिती आपणहून सांगायला तो बांधील नव्हता हेही सांगून टाकलं. इथे फटका विकणाऱ्याला बसला, एरवी तो गिऱ्हाइकाला बसायचा एवढाच फरक.

धडधडीत खोटं बोलून फसवलं तर दावा लावता यायचा, पण त्यात समोरच्याला खोटं माहीत होतं, फसवायचाच इरादा होता आणि आपण त्यावर विसंबलो, हे सगळं आपणच सिद्ध करायचं. त्यात अमेरिकेत जिंकलात तरी आपल्या वकिलाची फी आपणच भरायची. म्हणजे चार आण्याची कोंबडी आणि बारा आण्याचा मसाला, दोनशे डॉलरच्या मिक्सरसाठी कोण कोर्टात जाईल?

1914 ला फेडरल ट्रेड कमिशन (एफटीसी) ही सरकारी संस्था आली, पण ती मुळात व्यापाऱ्यांमधल्या चढाओढीसाठी. मार्मोला नावाच्या वजन कमी करायच्या औषधावर कमिशनने कारवाई केली तर 1931 ला सुप्रीम कोर्ट म्हणालं, दुसऱ्या व्यापाऱ्यांचं नुकसान झालेलं दाखवा, गिऱ्हाईक फसलं एवढं पुरेसं नाही. मग 1938 च्या दुरुस्तीत फसव्या प्रथांवर थेट बंदी आली. तरी कारवाई करायची ती कमिशननेच, ती पण बहुतेक "यापुढे असं करू नका" अशा ऑर्डरवर संपायची आणि ज्याचे पैसे गेले त्याचे गेलेच.

साठच्या दशकात वारं फिरलं. 1962 ला केनेडींनी ग्राहकांच्या हक्कांचा संदेश काँग्रेसला दिला, 1969 ला ग्राहकांसाठी लढणाऱ्या राल्फ नेडरच्या तरुण चमूने आणि पाठोपाठ अमेरिकन बार असोसिएशन या वकिलांच्या संघटनेनेही कमिशनच्या सुस्तपणाची चिरफाड केली. पण त्याआधीपासूनच कमिशन राज्यांसाठी नमुना कायदा करायला मदत करत होतं, म्हणून या कायद्यांना "लिटल एफटीसी अ‍ॅक्ट" नाव पडलं. न्यू जर्सीचा कायदा त्याच्याही आधीचा, 1960 चा, पण त्यात केस फक्त अ‍ॅटर्नी जनरल (राज्य सरकारचा मुख्य वकील) करू शकायचा, गिऱ्हाइकाला स्वतः दावा लावायची मुभा 1971 ला मिळाली. मॅसॅच्युसेट्सने 1967 ला कायदा केला आणि 1969 ला हीच मुभा दिली. तिप्पट ही आयडिया मक्तेदारीविरोधी कायद्यातून उचललेली, 1890 च्या शर्मन अ‍ॅक्टमधे ती होतीच.

टेक्सास 1973 ला आलं आणि सगळ्यांच्या पुढे गेलं. कुठल्या कुठल्या गोष्टी फसवणूक धरायच्या याची लांबलचक यादी (गाडीचं मीटर मागे फिरवणं वगैरे) आणि जिंकलात तर तिप्पट द्यायलाच लागायची, जज्जाच्या मर्जीचा प्रश्नच नाही. 1980 ला तिथल्या सुप्रीम कोर्टापुढे सेकंडहँड बोटीची केस आली, विकणारा साधा माणूस, धंदेवाला नाही, बोट एकदम मस्त आहे म्हणाला आणि मोटरचं गिअर हाउसिंग तडकलेलं निघालं जे त्याला स्वतःलाच माहीत नव्हतं. तरी तिप्पट लागली! हे मला जरा जास्तच वाटतं. असं वाटणारे तिथेही होते, कारण निकाल यायच्या आधीच 1979 ला विधिमंडळाने आपोआप तिप्पट फक्त पहिल्या हजार डॉलरपुरती ठेवली होती, त्यापुढे जाणूनबुजून केलं असेल तरच; बोटीचा व्यवहार त्याआधीचा, म्हणून त्याला जुना नियम लागला. 1995 ला धाकटे बुश टेक्सासचे गव्हर्नर असताना कायदा आणखी आवळला.

न्यू जर्सी मात्र ढिम्म हललं नाही. 1994 ला सिअर्स कंपनीने किचनचं काम बिघडवल्याची केस वर गेली. परमिट न काढणं हाही नियमभंगच, त्यात इरादा बघायचा नाही, आणि दुरुस्तीचे पैसे अजून खर्च केले नसले तरी नुकसान झालंच, असं कोर्ट म्हणालं.

आपल्याकडे याच विषयाची वाट वेगळी, 1984 ला एमआरटीपी या मक्तेदारीविरोधी कायद्यात अनुचित व्यापारी प्रथा आल्या, 1986 ला ग्राहक मंच आले, वकिलाशिवाय तक्रार करता येते पण ठरलेली तिप्पट वगैरे नाही.

तिकडे पुढचा धक्का करारातल्या बारीक अक्षरांनी दिला. कॅलिफोर्नियात एटी अँड टी मोबिलिटीने फोन फुकट म्हणून दिला आणि 30.22 डॉलर सेल्स टॅक्स लावला, लोकांनी मिळून दावा ठोकला, तर 2011 ला सुप्रीम कोर्टाने 5 विरुद्ध 4 असा निकाल दिला की करारात लवाद लिहिलाय आणि एकत्र दाव्याला मनाई आहे ना, मग ज्याने त्याने एकेकट्याने लवादाकडे जावं. आता 30 डॉलरसाठी एकेकटं कोण जाणार? फीचं कलम कायद्यात जागच्या जागी आहे, पण इतक्या छोट्या केसला हात लावणारा वकील मिळणं मुश्कील.